तुर्कप्रेमी म्हणावं की टर्कोफाइल?

इस्तंबूलच्या सहली वाढल्या, तुर्की मालिका घराघरांत पोचल्या, आणि 'टर्कोफाइल' हा शब्द मराठी लेखांत डोकावू लागला. त्याबद्दल आलेली पत्रं या वेळी एकत्र घेतली आहेत. पत्रं थोडी आटोपशीर केली आहेत, प्रश्न मात्र तेच ठेवले आहेत.

प्रश्न : एका इंग्रजी प्रवासलेखाचा अनुवाद करते आहे. लेखिका स्वतःला 'टर्कोफाइल' म्हणवते. कोशात 'तुर्कांचा चाहता' एवढंच मिळालं, पण ते वाक्यात बसत नाही. नेमका अर्थ काय? आणि मराठीत त्याला एकच शब्द आहे का?
— एक अनुवादिका, सांगली

उत्तर : शब्दाचे दोन तुकडे आहेत. 'टर्को' म्हणजे तुर्क किंवा तुर्की, आणि 'फाइल' हे ग्रीक 'फिलॉस'वरून आलेलं, म्हणजे आवड असणारा, जिव्हाळा असणारा. इंग्लंडवर जीव असलेला तो अँग्लोफाइल, फ्रान्सवर असलेला फ्रँकोफाइल, पुस्तकांवर असलेला बिब्लिओफाइल. त्याच पंगतीतला हा टर्कोफाइल.

कोशातला अर्थ चुकीचा नाही, अपुरा आहे. वापरात या शब्दाला तीन अटी लागू होतात. पहिली, माणूस बाहेरचा हवा. इस्तंबूलमध्ये जन्मलेल्या तुर्काला आपल्या संगीताचं वेड असेल तर त्याला कुणी टर्कोफाइल म्हणत नाही. दुसरी, आवड एका पदार्थापुरती किंवा एका मालिकेपुरती नको. भाषा, खाणं, वास्तू, संगीत, रीतिरिवाज अशी ती पसरलेली आणि टिकलेली हवी. तिसरी, ही ओढ संस्कृतीची आहे. तिच्यात धर्म, नागरिकत्व किंवा सरकारला पाठिंबा आपोआप येत नाही. या तिसऱ्या अटीवरच अनुवाद घसरतात.

खरी माणसं पाहिली की अर्थ पक्का बसतो. जिनिव्हाचा चित्रकार ज्याँ-एतिएन लिओतार 1738 ते 1742 इस्तंबूलला राहिला. परतला तो लांब दाढी आणि तुर्की झगा घेऊन, आणि युरोपच्या दरबारांत 'तुर्की चित्रकार' म्हणून वावरला. डेव्हिड अर्कहार्ट हा स्कॉटिश मुत्सद्दी तुर्की हमामाच्या इतका प्रेमात होता की एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात ब्रिटनमध्ये ती स्नानगृहं रुजवायला त्यानं स्वतःला वाहून घेतलं. फ्रेंच नौदलातला अधिकारी आणि लेखक पिएर लोती यानं फ्रान्समधल्या आपल्या घरात तुर्की दिवाणखाना सजवला, आणि बाल्कन युद्धांच्या काळात तुर्कांची बाजू जाहीरपणे घेतली. इस्तंबूलच्या एयुप भागातली एक टेकडी आज त्याच्या नावानं ओळखली जाते. तिघेही टर्कोफाइल. पण लिओतारचं प्रेम पेहरावातलं, अर्कहार्टचं आचारातलं, आणि लोतीचं राजकारणापर्यंत गेलेलं. शब्द एक, पोत तीन.

म्हणून एकच मराठी शब्द शोधू नका, वाक्याचा सूर पाहा. लेखिका स्वतःबद्दल आपुलकीनं सांगत असेल तर 'मला तुर्की संस्कृतीची ओढ आहे' हे सगळ्यांत स्वच्छ. नामच हवं असेल तर 'तुर्की संस्कृतीची चाहती'. सूर खेळकर असेल तर 'तुर्कस्तानवेडी'. मराठीत 'वेडी' म्हणजे रोगी नव्हे. नाटकवेडी, गाणंवेडी आपण कौतुकानंच म्हणतो. आणि कुणी दुसऱ्याला टोमणा म्हणून 'टर्कोफाइल' म्हणत असेल तर आपल्याकडे 'धार्जिणा' हा नेमका शब्द तयार आहे. 'इंग्रजधार्जिणा' म्हटलं की प्रेमापेक्षा पक्षपात ऐकू येतो, तसाच 'तुर्कधार्जिणा'. 'तुर्कभक्त' टाळा. त्यात चेष्टा तर येतेच, शिवाय धर्माचा वासही येतो.

शुद्धलेखनाची एक बारीक गोष्ट. 'संस्कृतिप्रेमी' लिहिताना 'ति' ऱ्हस्व. सुटा शब्द मराठीत 'संस्कृती' असा दीर्घ लिहितो, पण तो तत्सम आहे आणि मुळात ऱ्हस्वान्त आहे, म्हणून समासाच्या पूर्वपदात ऱ्हस्व राहतो. 'तुर्की' तत्सम नाही, म्हणून 'तुर्कीप्रेमी'त दीर्घच.

प्रश्न : टर्कोफाइल, टर्कोफाईल, तुर्कोफिल, टर्कोफिलिक असं सगळं वाचलं आहे. बरोबर कोणतं? आणि टर्कोफिलिया हा आजार वाटतो, तो का?
— एक मुद्रितशोधक, नाशिक

उत्तर : इंग्रजीतून घेतला असेल तर 'टर्कोफाइल'. 'तुर्कोफिल' हा फ्रेंच, जर्मन आणि तुर्की उच्चाराच्या जवळचा आहे. मूळ मजकूर त्या भाषांतला असेल तर तोही चालेल. एका लेखात दोन्ही नकोत. 'टर्कोफिलिक' मात्र टाळा, विशेषण म्हणूनही 'टर्कोफाइल'च पुरतो.

माणूस तो टर्कोफाइल, वृत्ती ती टर्कोफिलिया. आजारासारखं वाटतं कारण मराठी वाचकाच्या कानावर 'फिलिया' बहुतेकदा हिमोफिलियातूनच पडलेला असतो. 'फाइल'लाही असाच त्रास आहे: घाईत वाचणाऱ्याला कचेरीतली फाइल दिसते. म्हणून पहिल्यांदा शब्द येईल तिथे शेजारी अर्थ द्या, 'टर्कोफाइल, म्हणजे तुर्की संस्कृतीचे चाहते'. पुढे नुसता शब्द वापरा. चालवायचा मराठी पद्धतीनं: टर्कोफाइलला, टर्कोफाइलांचा, ती टर्कोफाइल आहे. अनेकवचनाला इंग्रजी 'स' लावून 'टर्कोफाइल्स' करायची गरज नाही.

तुर्की शिकणाऱ्यांसाठी एक गंमत. तुर्कीत सुटा 'फिल' म्हणजे हत्ती. हा अरबी-फारसीतला शब्द, आपल्या 'पीलखान्या'तला पील तोच. टर्कोफाइलमधल्या ग्रीक तुकड्याशी त्याचं काही नातं नाही.

प्रश्न : आमच्या वाचक मंडळात वाद झाला. एकाचं म्हणणं, 'तुर्कप्रेमी' हा सरळ शब्द असताना इंग्रजी कशाला? दुसऱ्याचं म्हणणं, मराठीत 'तुर्क' म्हटलं की भलताच अर्थ निघतो. तुमचा कौल कोणाला?
— एक वाचक मंडळ, सोलापूर

उत्तर : दुसऱ्यांना. सगळे 'फाइल'चा अर्थ लावत बसतात, अडचण खरी 'तुर्क'मध्ये आहे. मराठीत हा शब्द निदान चार थरांचा आहे.

सर्वांत जुना थर संतसाहित्यातला. तिथे 'तुर्क' किंवा 'तुरुक' म्हणजे सरसकट मुसलमान. एकनाथांच्या 'हिंदू-तुर्क संवादा'तला तुर्क काही अनातोलियातून, म्हणजे आजच्या तुर्कियेच्या आशियाई भागातून, आलेला नाही, तो इथलाच आहे. ज्याच्या कानात हा अर्थ मुरला आहे त्याला 'तुर्कप्रेमी' हा शब्द धर्माबद्दलचा वाटेल, आणि पहिल्या पत्रातल्या लेखिकेच्या वाक्याचा रोखच बदलेल.

दुसरा थर 'तरुण तुर्क'चा. 1908 मध्ये उस्मानी (ऑटोमन) साम्राज्यात सुलतानाला राज्यघटना परत लागू करायला लावणारी चळवळ 'यंग टर्क' नावानं जगभर गाजली. त्यावरून बंडखोर तरुण पुढारी ते 'तरुण तुर्क' असा अर्थ रूढ झाला. 1960च्या दशकाच्या अखेरीस काँग्रेसमधल्या चंद्रशेखर, मोहन धारिया, कृष्णकांत यांना हेच बिरुद होतं. यातल्या कुणाचं तुर्की संस्कृतीवर विशेष प्रेम होतं म्हणून नव्हे.

तिसरा थर भूगोलाचा. मराठीत अंकाराचा देश पिढ्यान्‌पिढ्या 'तुर्कस्तान' आहे. पण मध्य आशियातला प्रदेशही तुर्कस्तान किंवा तुर्किस्तानच, आणि तो पूर्णपणे वेगळा. उझबेक, कझाक, उइगुर, तातार या भाषा तुर्किक कुळातल्या आहेत. ते बोलणारे तुर्की प्रजासत्ताकाचे नागरिक नाहीत. समरकंदच्या निळ्या घुमटांवर भाळलेल्या माणसाला टर्कोफाइल म्हणू नका. हा शब्द अनातोलिया आणि इस्तंबूलभोवतीच्या संस्कृतीसाठी आहे. अनुवादात 'तुर्की' (अंकाराच्या देशाची भाषा आणि संस्कृती) आणि 'तुर्किक' (हे सगळं भाषाकुळ) असा भेद पाळला की निम्मा घोळ मिटतो. देशाचं नावही आता बदललं आहे: जून 2022 पासून संयुक्त राष्ट्रांत 'तुर्किये' अशी नोंद आहे. आजच्या देशाबद्दल लिहिताना 'तुर्किये' वापरा, जुन्या मजकुरात 'तुर्कस्तान' राहू द्या.

चौथा थर आज विसरल्यासारखा झाला आहे, पण फार देखणा आहे. आपल्या जुन्या कागदपत्रांत या मुलखाचं नाव 'रूम'. रोमन साम्राज्याचा पूर्वेकडचा भाग तो रूम, आणि तिथला माणूस रूमी. विजापूरच्या बुरुजावरची मुलुख मैदान तोफ 1549 मध्ये अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला ओतली गेली. ओतणाऱ्या कारागिराचं नाव महंमद रूमी. त्या 'रूमी'त अख्खा तुर्कस्तान आहे. इतिहासावरच्या लेखात 'रूम' दिसलं तर ते रोम समजू नका. आणि रुमालाला त्यात ओढू नका: तो फारसी 'रू' म्हणजे चेहरा आणि 'माल' म्हणजे पुसणारा यांपासून झाला आहे.

'उस्मानी'बद्दलही एक सावधगिरी. ऑटोमन म्हणजे उस्मानी, हे बरोबर. पण जुनं उस्मानाबाद, आताचं धाराशिव, त्या घराण्याच्या नावावरून नव्हतं. ते हैदराबादच्या शेवटच्या निजामाच्या, मीर उस्मान अली खानाच्या नावावरून होतं. हैदराबादचं उस्मानिया विद्यापीठही तसंच.

प्रश्न : मोझार्टच्या 'अल्ला तुर्का'विषयी ऐकताना 'तुर्केरी' हा शब्द आला. तुर्केरी आणि टर्कोफिलिया एकच का? मग मोझार्ट टर्कोफाइल का?
— एक पियानो शिक्षिका, पणजी

उत्तर : एक नाही. तुर्केरी ही फॅशन आहे, टर्कोफिलिया ही ओढ. सतराव्या-अठराव्या शतकांत युरोपच्या उमरावांनी तुर्की झगे घालून चित्रं काढून घेतली, बागांत तुर्की तंबू उभारले, नाटकांत पगडीवाली पात्रं आणली. 1669 मध्ये चौदाव्या लुईच्या दरबारी सुलेमान आगा हा उस्मानी दूत आला आणि 1721 मध्ये महंमद चलबी हा दूत पॅरिसला पोचला, तेव्हा या फॅशनला भर आला. काळही महत्त्वाचा: 1683 मध्ये व्हिएन्नाचा वेढा फसल्यानंतर तुर्कांची धास्ती ओसरत गेली. धास्ती गेली तेव्हाच नक्कल करायची हौस मोकळी झाली.

मोझार्टचा तुकडा ('अल्ला तुर्का', म्हणजे तुर्की ढंगात) हा या फॅशनचा भाग. अकराव्या पियानो सोनाटाचा तो तिसरा भाग, 1784 मध्ये छापला गेला. मोझार्ट तुर्कस्तानला कधी गेला नाही. त्यानं घेतला तो 'मेहतर'चा, म्हणजे उस्मानी लष्करी वाद्यवृंदाचा, ठसका. डाव्या हातातले झटक्यात तुटणारे स्वर वाजवताना कान देऊन ऐका: खाली मोठा ढोल पडतो आणि त्यावर झांज आपटते, तसा परिणाम आहे. विद्यार्थी हे स्वर गुळगुळीत वाजवतात, मग कूच नाहीशी होते आणि उरतो नुसता वेग. दोन मात्रांचा पावलांचा ठेका आधी सावकाश बसवून घ्या, वेग मागून येईल. मोझार्टला टर्कोफाइल म्हणायला आधार नाही. 'तुर्की ढंगात लिहिणारा' म्हणा.

उलट उदाहरण लेडी मेरी वॉर्टली माँटेग्यू यांचं. इंग्लंडच्या राजदूताची पत्नी म्हणून त्या 1717-18 मध्ये उस्मानी साम्राज्यात होत्या. त्यांनी भाषा शिकायला घेतली, जनान्यातल्या बायकांशी ओळखी केल्या, हमामात गेल्या, आणि तिथल्या म्हाताऱ्या बायका मुलांना देवी टोचतात ते नीट पाहिलं. 1718 मध्ये आपल्या मुलाला तिथेच टोचून घेतलं आणि 1721 मध्ये लंडनला मुलीला. जेन्नरच्या लशीच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. शिकावं असं काही या लोकांकडे आहे, हे मान्य करून ते घरी नेणं हा टर्कोफाइलपणा. झगा घालून चित्र काढून घेणं ही तुर्केरी. (त्यांनी झगाही घातला होता, पण तेवढ्यावर थांबल्या नाहीत.)

झांजेचं निघालं म्हणून: ऑर्केस्ट्रात आणि जॅझमध्ये नावाजलेल्या 'झिल्जियान' झांजांचं नाव तुर्की आहे. 'झिल' म्हणजे झांज, 'जी' म्हणजे ती करणारा, आणि 'यान' ही आर्मेनियन आडनावाची शेपटी. हा कारखाना 1623 मध्ये इस्तंबूलमध्ये एका आर्मेनियन कारागिरानं काढला. मधला 'जी' आपल्या घरातलाच आहे, त्याबद्दल पुढच्या उत्तरात.

प्रश्न : मराठीत तुर्की शब्द बरेच आहेत असं म्हणतात. खरेच तुर्की कोणते? आणि ते इस्तंबूलहून आले का?
— एक निवृत्त शिक्षक, बारामती

उत्तर : इस्तंबूलहून थेट नाही, हे आधी. बहुतेक शब्द मध्य आशियातल्या पूर्वेकडच्या तुर्कीतून फारसीत आले आणि फारसीच्या खांद्यावर बसून दख्खनमध्ये पोचले. बाबराची मातृभाषा चगताई हीच तशी तुर्की. खातरजमा करायची असेल तर 'कैची' घ्या. शब्द तुर्किक कुळातला आहे, अझरबैजानी भाषेत आजही चालतो, पण इस्तंबूलच्या दुकानात 'कैची' मागितलीत तर समजणार नाही. तिथे 'माकास' म्हणतात, आणि तो शब्द अरबी.

निःशंक घेता येतील असे: तोफ, चकमक, चाकू, बेगम, खान, उर्दू. 'चाकमाक' आजच्या तुर्कीत लायटरला म्हणतात. आपली चकमक गारगोटीचीच राहिली. 'ओर्दू' म्हणजे सैन्य, त्यावरून छावणी, आणि छावणीची भाषा ती उर्दू. कुर्मा हा 'कावुर्मा'चा, म्हणजे परतलेल्या मांसाचा, भाऊबंद. 'तोफ'ची कथा तर नकाशावर दिसते. तुर्कीत 'तोप' म्हणजे तोफ आणि 'कापी' म्हणजे दार. सुलतानांचा तोपकापी राजवाडा म्हणजे तोफ-दरवाजा. बॉस्फरसच्या काठी 'तोपहाने' नावाची वस्ती आहे, तिथे साम्राज्याच्या तोफा ओतल्या जात. अहिल्यानगरमध्ये 'तोफखाना' आहेच.

शब्दांपेक्षा मोलाचा आहे तो 'ची' हा प्रत्यय. काम करणाऱ्याला तो लागतो: मशालची, तोफची, खजांची. तुर्कीत तो आजही जिवंत आहे. कॉफीवाला काहवेजी, तोफची 'तोपचू', झांजवाला 'झिल्जी'. आधीच्या स्वराप्रमाणे 'जी, जू' बदलतं आणि आधीचं व्यंजन कठोर असेल तर 'ज'चा 'च' होतो. मराठीनं एकच 'ची' ठेवला.

घोटाळा होतो तो इथे: मैदान, दुकान, पडदा, कलम, हवा हे शब्द तुर्कीतही आहेत म्हणून लोक त्यांना तुर्की ठरवतात. ते अरबी किंवा फारसी आहेत. तुर्कीनंही उसने घेतले आणि मराठीनंही. दोन शेजाऱ्यांकडे एकाच दुकानातली भांडी असावीत, तसं.

प्रश्न : आमचे पणजोबा तुर्की टोपी घालत आणि खिलाफत चळवळीत होते. घराण्याच्या इतिहासात त्यांना 'टर्कोफाइल' लिहिलं तर चालेल का?
— एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : तेवढ्यावरून नको. आधी टोपी पाहू. लाल, उभी, काळ्या गोंड्याची ती टोपी. तिचं नाव 'फेझ' मोरोक्कोतल्या फेझ शहरावरून आहे. ती उस्मानी अधिकाऱ्यांच्या डोक्यावर चढवली सुलतान दुसऱ्या महमूदनं, 1829च्या सुमारास, पगडीच्या जागी, आधुनिक म्हणून. 1925 मध्ये तुर्की प्रजासत्ताकाचा संस्थापक केमाल पाशा याच्या सरकारनं कायदा करून तीच टोपी बंद केली, कारण तोवर ती जुनाट झाली होती. भारतात मात्र ती शिकलेल्या मुसलमानाची ओळख म्हणून पुढेही डोक्यावर राहिली. म्हणजे 1930 साली तुर्की टोपी घालणारा माणूस अंकारात गुन्हेगार ठरला असता. त्या टोपीतून पणजोबांचं इथलं समाजातलं स्थान कळतं, तुर्की संस्कृतीशी नातं कळेलच असं नाही.

खिलाफत चळवळ 1919 ते 1924. तिचा गाभा धार्मिक आणि राजकीय: खलिफाचं पद टिकावं आणि ब्रिटिशांनी दिलेला शब्द पाळावा. त्या निष्ठेला टर्कोफिलिया म्हटलं तर तिचं वजनही कमी होतं आणि अर्थही चुकतो. एक कसोटी सांगतो. 3 मार्च 1924 ला अंकाराच्या संसदेनं खलिफापद रद्द केलं. खिलाफतवाल्यांवर आभाळ कोसळलं. ते करणाऱ्या केमाल पाशाचं कौतुक जवाहरलाल नेहरूंसारख्या अनेकांनी केलं. दोघांनाही ढोबळपणे 'तुर्कप्रेमी' म्हणता येईल, आणि दोघांचं प्रेम एकमेकांच्या अगदी विरुद्ध गोष्टींवर आहे. म्हणून सरळ लिहा: 'ते खिलाफत चळवळीत होते आणि तुर्की टोपी घालत.' पणजोबा तुर्की शिकले असतील, तिथली पुस्तकं-वर्तमानपत्रं मागवत असतील, किंवा 1912 मध्ये बाल्कन युद्धातल्या जखमींसाठी डॉ. अन्सारींचं वैद्यकीय पथक गेलं तशा कामात असतील, तर तो तपशील द्या. तोच विशेषणापेक्षा जास्त बोलेल.

तुमच्या भागाचा आणखी एक धागा आहे. 1931 मध्ये शेवटचा खलिफा अब्दुल मजीद याची मुलगी दुर्रुशहवार हिचं लग्न निजामाच्या थोरल्या मुलाशी, आझम जाह याच्याशी, फ्रान्समधल्या नीस शहरात झालं. मराठवाडा तेव्हा निजामाच्या राज्यात होता. घरात जुने फोटो, निमंत्रणं, कात्रणं असतील तर या वर्षाच्या आसपासची नीट पाहा.

प्रश्न : टर्कोफाइल मैत्रिणीवरच्या लेखात 'ती तुर्की कॉफी उकळून, गाळून देते' असं लिहिलं. संपादकांनी वाक्य परत पाठवलं. काय चुकलं?
— एक लेखिका, ठाणे

उत्तर : दोन्ही क्रियापदं. तुर्की कॉफी उकळत नाहीत आणि गाळत तर नाहीतच.

भांडं 'जेझवे': तळाशी रुंद, गळ्याशी निमुळतं, लांब दांड्याचं. कप 'फिंजान', साधारण 60 ते 70 मिलिलिटरचा. एका कपाला त्याच कपानं मोजलेलं गार पाणी आणि 6 ते 7 ग्रॅम कॉफी, म्हणजे शिगोशीग दोन छोटे चमचे. पूड मैद्यासारखी बारीक हवी. साखर सुरुवातीलाच घालायची, कारण नंतर ढवळायचं नसतं. म्हणून पाहुण्याला आधीच विचारतात: 'सादे' म्हणजे बिनसाखरेची, 'ओर्ता' म्हणजे मध्यम, बहुधा एक छोटा चमचा. 'सादे' म्हणजे आपल्या 'सादा डोसा'तलं सादा. सगळं एकदा ढवळून अगदी मंद आचेवर ठेवायचं. तीन-चार मिनिटांत कडेनं फेस वर चढतो. तो गळ्याशी आला, पण फुटला नाही, तेवढ्यात उतरवायचं. थोडा फेस चमच्यानं कपात घ्यायचा, भांडं पुन्हा क्षणभर आचेवर धरायचं, दुसऱ्यांदा चढलं की सावकाश ओतायचं. मिनिट-दोन मिनिटं थांबलं की गाळ तळाशी बसतो. वरचं प्यायचं, गाळ कपातच सोडायचा. सोबत पाणी देतात.

बिघडतं ते तीन कारणांनी. आच मोठी झाली की फेस धरण्याआधी उकळी फुटते, फेस मोडतो आणि कॉफी कडवट होते. पूड जाड असली की गाळ बसत नाही आणि दाताखाली येतो. आणि आपल्याकडची चिकोरी घातलेली फिल्टर कॉफीची पूड वापरली तर चवच वेगळी होते. बिनचिकोरीची घ्या आणि दुकानदाराला सर्वांत बारीक दळायला सांगा.

वाक्य असं करा: 'ती जेझवेत मंद आचेवर कॉफीला फेस आणते आणि गाळासकट फिंजानात ओतते.' या कॉफीची परंपरा 2013 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत आली, हेही लेखात घालता येईल. तिच्यावरची तुर्की म्हण मराठी वाचकाला लगेच पटेल: एका फिंजान कॉफीची चाळीस वर्षं 'हातर' राहते. ही 'हातर' म्हणजे आपली खातर. कुणाच्या खातर काही करतो, ती.

प्रश्न : टर्कोफाइलच्या उलट काय? आणि हा शब्द कुणाला तोंडावर म्हटला तर अपमान होतो का?
— एक विद्यार्थी, बेळगाव

उत्तर : उलट टर्कोफोब: तुर्कांविषयी भीती किंवा द्वेष बाळगणारा. 'तुर्कद्वेष्टा' चालेल. फिलहेलीन, म्हणजे ग्रीसप्रेमी, हा वेगळा शब्द आहे, पण एकोणिसाव्या शतकात तो टर्कोफाइलच्या समोर उभा राहिला. ग्रीक स्वातंत्र्ययुद्धात 1824 मध्ये मिसोलाँगीला मरण पावलेला कवी बायरन हा फिलहेलीन. पुढे 1876 मध्ये बल्गेरियातल्या कत्तलींवरून उदारमतवादी नेते ग्लॅडस्टननी उस्मानी सत्तेवर झोड उठवली आणि पंतप्रधान डिझरायली तिला सांभाळून घेत राहिले, तेव्हा ब्रिटिश राजकारणात तुर्कांची बाजू घेणं हा आरोप झाला. त्या काळच्या मजकुरात 'टर्कोफाइल' आला तर 'तुर्कधार्जिणा' हाच अनुवाद.

आज स्वतःबद्दल किंवा मित्राबद्दल म्हटला तर अपमान नाही. ग्रीक, आर्मेनियन किंवा कुर्द माणसापुढे मात्र सांभाळून वापरा. त्यांच्या आठवणीत तो शब्द कॉफीपुरता नसतो. आणि अभ्यासकाला सरसकट टर्कोफाइल म्हणू नका. तुर्की भाषा-इतिहासाचा अभ्यास करणारा तो टर्कोलॉजिस्ट, मराठीत तुर्कविद्येचा अभ्यासक. मंगोलियातल्या ऑर्खोन खोऱ्यातल्या जुन्या तुर्किक शिलालेखांची लिपी 1893 मध्ये उलगडणारा डॅनिश पंडित विल्हेल्म थॉमसेन हा अभ्यासक म्हणून ओळखला जातो, चाहता म्हणून नव्हे.

खुद्द तुर्क लोक अशा माणसाला काय म्हणतात, हे कथेतल्या संवादासाठी उपयोगी पडेल. 'तुर्क दोस्तू' म्हणतात, तुर्कांचा दोस्त. पात्र तुर्क असेल तर त्याच्या तोंडी 'टर्कोफाइल' घालू नका, 'दोस्त' घाला.